बरणीतला रस कोण पितंय?

२ नोव्हेंबर, रविवार
ठरलं. येत्या रविवारी बाबांच्या ऐंशीव्या वाढदिवसाचे मफिन्स मी करणार. आमच्याकडे वाढदिवसाला केक नसतो, सुक्या मेव्याचे मफिन्स असतात. आजीने सुरू केलं, आईने चालवलं. आई गेल्यापासून वहिनीने हे खातं बळकावलंय. पोटचा मुलगा मी असताना! बाबांनी एक घास खाऊन म्हणावं, अगदी तुझ्या आईसारखा झालाय. बस्स. दुसरं काही नको.

बायकोला सांगितलं. ती हसली नाही. म्हणजे तिला काहीतरी माहीत आहे.

३ नोव्हेंबर, सोमवार
वहिनीला फोन करून रेसिपी विचारली. तिने धडाधड सांगून टाकली. आढेवेढे नाहीत, 'बघून सांगते' नाही. घराण्याचं गुपित इतक्या सहज कोणी देतं का? कुठेतरी पाणी मुरतंय. वर प्रेमळ सूचना : भावोजी, मेवा एकच रात्र भिजवा, पीठ फार फेटू नका, आणि काही झालं तरी मध्येच ओव्हन उघडू नका.

मी काही कच्च्या गुरूचा चेला नाही. गोदामात माल तपासण्यात हयात गेली. ज्या पोत्यापासून माणूस आपल्याला लांब ठेवतो, ते आधी उघडायचं असतं. तेव्हा धोरण पक्कं : वहिनी सांगते त्याच्या बरोब्बर उलट.

बेदाणे, अंजीर, जर्दाळू आजच संत्र्याच्या रसात भिजवले. बरणी ओट्यावर. रस जिथपर्यंत आहे तिथे पेनने रेघ मारून ठेवली. सवय.

४ नोव्हेंबर, मंगळवार
रस रेघेच्या दोन बोटं खाली!

घरात माणसं दोनच. त्यातला एक मी. बायकोला सहज विचारलं, संत्र्याचा रस आवडतो का गं? म्हणाली, आवडतो की. इतकी निर्ढावलेली. रस ओतून पुन्हा रेघेपर्यंत भरला.

५ नोव्हेंबर, बुधवार
पुन्हा खाली. पुन्हा भरला. बरणी माझ्या कपाटात, शर्टांच्या मागे हलवली. कुलूप. किल्ली मोज्यात.

बायको म्हणाली, आधी थोडे करून बघा, रंगीत तालीम होईल. नको म्हटलं. तिला पद्धत बघायची असणार, म्हणजे ती वहिनीला कळवायला मोकळी. दोघी जावा हल्ली फोनवर फार हसतात.

६ नोव्हेंबर, गुरुवार
कुलूपबंद कपाटातूनही रस कमी झाला. म्हणजे दुसरी किल्ली आहे. किल्लीचा मोजाही उलटा करून तपासला, पण मोजा निर्दोष. समाधान एवढंच की इतका रस चोरीला जाऊनही अंजिरं मस्त गुबगुबीत झालीत. नशीब, चोराला फळांत रस नाही. पुन्हा भरला.

शर्टांना आंबूस वास. ऑफिसात शेजारचा माणूस खुर्ची घेऊन खिडकीकडे गेला. मत्सर.

८ नोव्हेंबर, शनिवार
आज भट्टी पेटली. बायकोला बाहेर पाठवलं. पीठ मनसोक्त फेटलं, दंड भरून येईपर्यंत. बरणी अख्खी उपडी केली, रसासकट. मिश्रण पातळ झालं म्हणून मैदा, घट्ट झालं म्हणून रस, मग पुन्हा मैदा. बेकिंग पावडर अंदाजाने.

मफिन्स फुगू लागले. ओव्हन उघडून खात्री केली. फुगलेच होते. पुन्हा उघडलं. आता कमी फुगलेले. पुन्हा उघडलं, तर मधोमध खड्डे. ओव्हनमध्ये खोट आहे. हे ओव्हन वहिनीनेच सुचवलं होतं, आत्ता आठवलं.

खड्ड्यांमुळे दिसायला वेगळे वाटतात. घरगुती. बाबांना आवडतील.

९ नोव्हेंबर, रविवार, दुपार
विजय! सगळे आले. वहिनी 'असू देत' म्हणून आपलाही डबा घेऊन आलीच. बाबांनी आधी तिचा मफिन घेतला. म्हणाले, बेदाणे काय मोजून घातलेस? आणि वरून जरा जास्तच भाजलास. दुसरा खातानाही कुरकुर, तिसरा खातानाही. वहिनीचा चेहरा बघायचा होता मला, पण ती हसत होती. नाटकी.

मग माझा. बाबांनी चहात बुडवला, बराच वेळ चावला. म्हणाले, छान झालाय हो. कशाला एवढा त्रास घेतलास?

एकही दोष नाही! तिला तीनदा बोलणी, मला 'छान'. दादानेही ऐकलं.

त्याच दिवशी, संध्याकाळ
सगळे गेल्यावर बायकोला हिशेब समजावला. ती बशा आवरत होती. म्हणाली, आईंच्या हातचं खाताना बाबा कधी छान म्हणाल्याचं आठवतंय का तुम्हाला?

आठवून पाहिलं. नाही आठवत. दर वाढदिवसाला काहीतरी खोट काढायचे. साखर कमी, नाहीतर जर्दाळू कडक. आई म्हणायची, मग ठेवा खाली. आणि बाबा चौथा उचलायचे.

'छान झालाय हो' ते शेजाऱ्यांकडे म्हणतात. बँकेतल्या माणसाच्या घरी म्हणाले होते.

बाबांच्या बशीत अर्धा मफिन उरला होता. बायको टाकायला निघाली होती, तिच्या हातातून घेतला आणि खाल्ला.

छान नाहीये.