गायिका अज्ञात

मंगळवार, संध्याकाळ. माणिकपूर.

वसईच्या लग्नगीतांचा संदर्भग्रंथ आज पोस्टाने आला. त्यातली निम्मी गाणी आईची. शब्द, चाल, कोणत्या विधीला म्हणायचं, सगळं मीच संपादकांना उतरवून दिलेलं. आधी सूची उघडली. आईच्या प्रत्येक गाण्यापुढे 'गायिका अज्ञात'.

फोन केला तर म्हणाले, "मॅडम, लोकगीत कुणा एकीचं नसतं."

मग ग्रंथावर तुमचं एकट्याचं नाव कसं? हे विचारायला हवं होतं. मी नुसतं "बरं" म्हणाले. का? अज्ञात म्हणे. चार दिवस तिच्या हातचं जेवला हा माणूस.

आईला वाचता येत नाही. ग्रंथ मांडीवर घेऊन तिने विचारलं, "माजा नाव कुठं लिवलाय?"

मी तिचं बोट संपादकांच्या नावावर ठेवलं. ती ते अक्षर अक्षर चाचपत राहिली.