मला कुणी विचारलंय?

रानशेत, ता. डहाणू
१३ एप्रिल २०२५

सुकीबायला धाकट्या बहिणीचा, रूपीचा रामराम. आम्ही बरे आहोत, तुम्ही वेवजीकरही बरे असाल. फोन केला असता, पण तुझ्या फोनला अख्खं घर कान लावून बसतं. म्हणून हे पत्र. सुनेकडून वाचून घेऊ नकोस. सावकाश का होईना, तूच वाच.

निर्मलाचं लगीन ठरलं, मे महिन्याच्या पहिल्या रविवारी. मुलगा तलासरीच्या दवाखान्यात तिच्याबरोबरच कामाला आहे. पोरगी म्हणाली, "आई, नर्सची नोकरी सोडणार नाही, हे मी त्यांना आधीच सांगितलंय." आपण कधी काही आधी सांगितलं होतं का गं?

हळदीला पिवळी लुगडी आणलीत. दोन.

दोन का, तेच लिहायला हात धजत नव्हता. लगीन लावणारी हिराबाई म्हणाली, "आईबापाचं लागल्याबिगर लेकीचं कसं लावू? आधी लाहू-रूपीचं." खरंच होतं. जमेल तेव्हा करू म्हणत, आपल्यात चालतं तसा, आधी संसार थाटला आणि आमचं लगीन राहूनच गेलं. सगळ्यांनी माना डोलावल्या. मी म्हटलं, "मला कुणी विचारलंय?" सगळे हसले. मी नाही हसले.

मनातलं फक्त तुला सांगते. लगीन झालं नव्हतं, म्हणून मला कधीही निघून जाता आलं असतं. तरी मी राहिले. ते माझ्या मनानं होतं. एकदा हळद लागली, की माझं राहणं सगळे धरूनच चालतील, याची भीती वाटली.

लाहूशी बोलणंच टाकलं. शेवटी तो चिकूच्या वाडीत आला. आम्ही बाया चिकू निवडत होतो. सगळ्यांसमोर म्हणाला, "रूपे, माझ्याशी लगीन करशील?"

"नाही म्हटलं तर?"

"तर निर्मलाचं तेवढं लावू. हिराबाईशी मी भांडेन."

"आणि केलं, नि मग रागावून सुकीबायकडे निघून गेले तर?"

"न्यायला येईन. नाही आलीस, तर मीपण तिथंच राहीन."

बाया फिदीफिदी हसल्या. मीही हसले, नि हो म्हटलं. बाय, छातीवरचा धोंडा उतरला बघ. घरी येऊन पोटभर जेवले.

आई-बा आता नाहीत. नवरीच्या बाजूनं उभं राहायला मला तूच. पाहुणीसारखी मागं बसू नकोस.

तुलाच माहेर मानणारी,
नवरी
रूपी