पहिल्यांदा तू जे सांगितलंस

माय, तू जाऊन बरीच वर्षं झाली आणि मी अजून तेच करतेय. लोकांच्या घरात कॅमेरा लावायचा, झालं ते विचारायचं, टीव्हीवर दाखवायचं. मागच्या आठवड्यात नव्या पोरापोरींना शिकवायला बोलावलं होतं. घडलं तसं दाखवणं म्हणजे माहितीपट, असं मी तासभर बडबडले. मग एकीनं विचारलं, तुमची सगळ्यात चांगली मुलाखत कोणती? माझ्या आईची, म्हणाले, आणि तास तिथंच संपवला.

दादा कुरुंद्याच्या शिवारात हळद शिजवायला जायचा. वाफेची टाकी फुटली आणि तो जागीच गेला. ती टाकी मालकानं कधी तपासूनच घेतली नव्हती. मला मालकाला उघडं पाडायचं होतं. डोकं नुसतं तापलेलं होतं माझं, आणि त्यात काही खोटं नव्हतं. मुलाखतीचा दिवस, दुपारची वेळ. तू चुलीपाशी, मी समोर, माझ्यामागं कॅमेरावाला. भाकरी थापता थापता तुझे हात थांबतात. "त्याला ताप होता," तू म्हणतेस. "न्हाई जात म्हणला. काहून पडून राहिला म्हणून मीच वरडले. गोधडी वढून घेतली त्याची." मग तू पदर तोंडाला लावतेस. तो गेल्यापासून हे तू कुणापाशी बोलली नव्हतीस, माझ्यापाशीसुद्धा.

आणि माझ्या मनात काय आलं, सांगू? आता लोक मालकाला सोडतील आणि आईला धरतील. मी म्हणाले, "माय, मशीन बंद पडलं होतं गं. परत सांग. तापाचं राहू दे, नुसतं कामाला गेला म्हण." कॅमेरावाला माझ्याकडं बघत राहिला. तू डोळे पुसून परत सांगितलंस. मधेच बाहेरून ट्रॅक्टर गेला, म्हणून आणखी एकदा. तिसऱ्यांदा अगदी एका दमात. "डबा घेतला अन् हसत गेला." हसत कुठून आलं, तुलाच ठाऊक. मी तेच ठेवलं.

फिल्म गाजली. मालकाचं काम बंद झालं, त्याचं मला आजही वाईट वाटत नाही. बायका तुला भेटायला यायच्या आणि तू त्यांना तेच सांगायचीस, हसत गेला म्हणून. पुढं अंथरुणाला खिळलीस तेव्हा एकदा मला जवळ बसवून विचारलंस, "ते पहिलं बोलले ते कुठंच न्हाई का गं?" मी न्हाई म्हणाले. "चार माणसांम्होरं सांगायचं होतं मला. एकदाच त्वांड उघडलं, तेबी वाया गेलं." मग भिंतीकडं तोंड करून म्हणालीस, "आता वर गेल्यावर त्यालाच सांगन."

हा कागद कुठं धाडायचा? पण लिहून ठेवते. मशीन चालू होतं, माय. ती कॅसेट माझ्या कपाटात आहे. तेव्हा आहे म्हणाले असते तर तू ती चार माणसांम्होरं लाव म्हणाली असतीस, आणि मला माझी फिल्म जपायची होती.