हरतोनोबाबांचं गच्चीवरचं चित्र

फुजैरा, ९ फेब्रुवारी १९९९

ती. मनोरमामावशीस शार्दूलचा सा. नमस्कार.

पत्र टाळत होतो, खरंच. लिहिलं की खरं होईल असं वाटायचं. हरतोनोबाबा गेले. मी ज्या इंडोनेशियन चित्रकाराकडे राहतो, ते. इथेच दफन केलं.

तू विचारायचीस ना, नुसते रंग फासतो तो कसला चित्रकार? अगं, बांडुंगला त्यांची तसलीच चित्रं भिंतीभर लागायची. मग घरी बिनसलं. बायको तिथेच राहिली, हे इथे बंदरात जहाजं रंगवायला आले. चित्रं पुन्हा धरली ती इथेच. (तुझ्या आवळासुपारीवर जीव होता त्यांचा. असो, भरकटलो.) त्यांची पद्धत अशी, की चित्र झालं की गच्चीवर उघडं ठेवायचं. खारा वारा, धूळ, ऊन. शेवटचा हात या तिघांचा, म्हणायचे. मग एका सकाळी स्वतःच उतरवायचे. कधी, ते त्यांनाच कळायचं.

शेवटचं चित्र अजून वरच आहे. दुबईचा गॅलरीवाला सारखा फोन करतो, हबीबी, यल्ला, लवकर पाठव. पण मावशी, चित्र थांबतच नाही. निळं होतं तिथे गंज चढलाय. कोपऱ्यात ओल उमटलीय, कुणी पाठमोरं बसल्यासारखी. लवकर उतरवलं तर त्यांचं काम अर्धं राहणार, उशीर केला तर उरणारच नाही. काय करू?

तुझा भटका,
शार्दूल

चिपळूण, २२ फेब्रुवारी १९९९

चि. शार्दूल यास अनेक आशीर्वाद.

एवढं मोठं पत्र! बारावीचा पेपर असा लिहिला असतास तर! बाबांचं वाचून जीव हळहळला.

तुझ्या काकांच्या दहाव्याला कावळा शिवेना, आठवतंय? तुझे वडील पुढे झाले, वहिनीला अंतर देणार नाही म्हणाले, तेव्हा शिवला. बाबांच्यात पिंड नसतो, ठाऊक आहे मला. पण इच्छा कुठल्या धर्मात राहत नाहीत? चित्रासमोर उभा राहा आणि एकेक कबूल करत जा. उपाशी मात्र जाऊ नकोस.

तुझी मावशी

फुजैरा, १८ मार्च १९९९

ती. मावशीस सा. नमस्कार.

हसू नकोस, तू म्हणालीस तसंच केलं. प्रदर्शन भरवीन म्हटलं, रंगाचे पोपडे वाढले. विकणार नाही म्हटलं, तरी वाढले. शेवटी म्हणालो, तुमच्या बायकोला कळवतो. तिचं नाव काढलं की बाबा भरल्या ताटावरून उठायचे, म्हणून आजवर गप्प होतो. तेव्हापासून चित्र हललेलं नाही. वारा आहे, धूळ आहे, तरी नाही. आता गच्चीवर जायचीच भीती वाटते. थांबलंय म्हणजे कुणीतरी ऐकलं ना?

वकिलातीमार्फत बांडुंगला निरोप धाडला. उत्तर नाही. उद्या गॅलरीवाला गाडी घेऊन येणार, म्हणून आज चित्र उतरवायचं ठरवून

मध्येच उठलो, बेल वाजली. दारात एक म्हातारी बाई, हातात लहानशी बॅग. हिंदी नाही, इंग्लिश नाही. बाबांचं नाव घेतलं आणि ‘बांडुंग’ तेवढं म्हणाली. मी जिना दाखवला. चित्रासमोर ती बराच वेळ उभी होती. रडली नाही. आत्ता खाली आलीय, बाह्या सरसावल्यात आणि खुणेने माझ्याकडे ब्रश मागतेय.

ब्रश शोधून द्यायचाय, इथेच थांबतो. माया आहे तशीच ठेव.

शार्दूल