भेगेचं तोंड

५ मार्च

आज आले, आणि पहिल्याच दिवशी सगळं मनासारखं झालं. असं माझ्या बाबतीत क्वचितच होतं. खोली वरच्या मजल्यावर आहे. पूर्वेला एक खिडकी, खिडकीखाली टेबल. भिंतींना नुकताच पांढरा रंग दिलाय. सकाळी डोळे बारीक करावे लागणार.

खाली घरमालक राहतात, भाऊ आणि वहिनी. सगळा कारखाना त्यांना याच नावांनी ओळखतो, म्हणून मीही तेच म्हणायचं ठरवलं. भाऊ माझ्याच ओतशाळेत आहेत. क्रेनच्या हुकाला लॅडल अडकवायचं आणि खाली उभं राहून हाताच्या इशाऱ्यांनी ते हलवून घ्यायचं, हे त्यांचं काम. लॅडल म्हणजे वितळलेलं लोखंड वाहून नेणारी बादली, फक्त न्हाणीघराएवढी मोठी.

वहिनींनी चहा देता देता माझं काम विचारलं. मी सांगितलं की क्रेनच्या होइस्टचा, म्हणजे ओझं उचलणाऱ्या यंत्राचा, जुना शाफ्ट, तो फिरणारा जाड दांडा, तडकला. नशीब की हुक तेव्हा रिकामा होता. आता नवा निवडायचाय. त्यावर त्या म्हणाल्या की म्हणजे स्थळं बघायला आलीस म्हण की, लोखंडाचं जमवून झालं की स्वतःचंही बघ. भाऊ म्हणाले, तिला नीट बघू दे; नवरा वाईट निघाला तर तिच्या एकटीच्या डोक्याला ताप, हा वाईट निघाला तर थेट माझ्या डोक्यावर. दोघं पोट धरून हसली. मीही हसले.

९ मार्च

साहेबांपुढे, म्हणजे ओतशाळेच्या प्रमुखांपुढे, माझी बाजू मांडली. त्यांना तयार सळईतून कातलेला शाफ्ट हवा होता. लगेच मिळतो, ताकदही कागदावर पुरेशी. मी म्हटलं, प्रश्न ताकदीचा नाही. होइस्टचा शाफ्ट एका ओझ्याने मोडत नाही, तो थकून मोडतो. प्रत्येक उचलीला पीळ बसतो, ओझं टेकलं की सुटतो, आणि जिथे शाफ्टची जाडी बदलते त्या पायरीच्या कोपऱ्यात सगळा ताण गोळा होतो. कोपरा काटकोनी ठेवला की भेगेला आयतं घर मिळतं. म्हणून घडवलेलं मिश्र पोलाद हवं, पाणी देऊन चिवट केलेलं, आणि पायरीला मोठी गोलाई हवी. शिवाय आपला ब्रेक मोटरच्या बाजूला आहे. शाफ्ट ड्रमच्या, म्हणजे दोर गुंडाळणाऱ्या पिंपाच्या, बाजूला तुटला तर ब्रेक घट्ट धरून बसेल आणि ओझं तरीही खाली येईल.

ऐन घाईच्या दिवसांत महिनाभर क्रेन बंद ठेवायची जबाबदारी कोण घेणार, असं साहेबांनी विचारलं. मी घेईन म्हटलं. फिटरकाका कोपऱ्यातून म्हणाले की बाईंचं वजन चिमूटभर, पण शब्द टनावारी. ते मला आवडलं. इथे लिहायला हरकत नाही.

१६ एप्रिल

शाफ्ट आला. देखणा आहे. पायरीच्या गोलाईवरून बोट फिरवलं तर कुठे अडत नाही. वहिनींनी जेवताना विचारलं, नवरदेव कसाय? पत्रिका जुळते, म्हटलं. भाऊ म्हणाले की महिनाभर साखळ्यांनी ओझी ओढून पाठीचे टाके ढिले झालेत, आता लवकर बोहल्यावर चढवा त्याला.

१७ एप्रिल

बसवण्याआधीची शेवटची चाचणी. शाफ्टला लाल रंग लावायचा, मुरू द्यायचा, पुसून टाकायचा, मग वरून पांढरी भुकटी फवारायची. कुठे भेग असेल तर तिच्यात शिरलेला लाल रंग पांढऱ्यावर उमटतो. साधी, प्रामाणिक चाचणी आहे.

सगळे जेवायला गेले होते. भुकटी वाळली आणि पायरीच्या गोलाईत लाल रेघ आली. तांदळाच्या दाण्याएवढी.

वाहतुकीतला ओरखडा असेल. पुसलं. हलक्या हाताने एमरी, म्हणजे घासकागद, घासली. पुन्हा चाचणी केली. स्वच्छ पांढरं. साहेब दारात आले ते हे दुसरं पांढरं पाहायला. विचारलं, पास? मी पास म्हटलं आणि सही केली.

हात पुन्हा पुन्हा धुतले. नखांत लाल राहिलंय.

१९ एप्रिल

शाफ्ट बसला. पहिलं लॅडल उचललं तेव्हा टाळ्या झाल्या. भाऊंनी खालून मला सलाम ठोकला, अगदी सिनेमातल्या शिपायासारखा.

एक नोंद. चाचणीआधी संशयाच्या जागी एमरी मारू नये, हे पहिल्या वर्षाच्या मुलांनाही शिकवतात. घासल्याने वरचा धातू सरकतो आणि भेगेचं तोंड मिटतं. भेग तिथेच असते. फक्त रंग आत शिरत नाही.

हे मला १७ तारखेलाही माहीत होतं. महिनाभर मीच क्रेन बंद ठेवायला लावली, मीच हा शाफ्ट निवडला, आणि तोच परत पाठवा असं सांगायला जीभ उचलली नाही.

रेघ ओरखड्याची असण्याचीही शक्यता आहे.

२३ एप्रिल

टेबलाशेजारच्या भिंतीवर एक लाल रेघ आहे. तांदळाच्या दाण्याएवढी. माझ्याच नखांचा रंग लागला असणार. ओल्या फडक्याने पुसली, गेली. तोंड धुऊन आले तर पुन्हा होती. आधी एक ठिपका, मग ठिपक्याला दोन्हीकडे शेपूट, जशी भुकटीवर येते तशीच. खोलीत त्या रंगाचा रॉकेलसारखा वास येतोय. कपड्यांना असेल.

२६ एप्रिल

पट्टीने मोजली. काल नखाएवढी होती, आज बोटाच्या पेराएवढी. वहिनींना वर बोलावून भिंत दाखवली. त्यांनी चष्मा लावला, काढला, आणि म्हणाल्या की एवढी पांढरीफेक भिंत, तुला काय डाग दिसतोय? दिवसभर लोखंड निरखून डोळे फिरलेत तुझे. जेव आणि दुपारची झोप काढ.

रेघ त्यांच्या बोटाखालीच होती.

२९ एप्रिल

आज सुट्टी. क्रेन बंद. रेघ सकाळी जेवढी, संध्याकाळी तेवढीच.

३० एप्रिल

क्रेन सुरू. रेघ वाढली. खिडकीतून कारखान्याच्या उचलीचा भोंगा ऐकू येतो. आज तब्येतीचं कारण सांगून दुपारी घरी बसले, भोंगे ऐकत भिंतीकडे पाहत राहिले. प्रत्येक उचलीला ती सरकते. केसाच्या जाडीएवढी, पण सरकते, आणि भोंग्याच्या क्षणभर आधीच.

भिंतीवर काहीही नाही. मला दिसतंय ते माझ्या मनात आहे. हे मी स्वच्छ अक्षरात लिहिते आहे.

पण मनाला उचल कधी झाली हे भोंग्याच्या आधी कसं कळतं?

२ मे

भाऊंना मानेवर घामोळं आलंय. भट्टीपुढे उभं राहून येणारच. सकाळी ते मान खाली घालून बसतात आणि वहिनी पावडर थापतात. आज चहाला खाली गेले तेव्हा तेच चाललं होतं. वहिनी म्हणत होत्या की लग्नातसुद्धा एवढं नटला नव्हता हा माणूस. भाऊ म्हणाले, तेव्हा पावडर तुझ्याच वाट्याला आली होती सगळी.

मी हसणार होते.

पावडरीतून लाल उमटलं. आधी ठिपका. मग दोन्हीकडे शेपूट. मानेच्या मागे, आडवं.

माझ्या हातून कप पडला. फुटल्या कपाच्या पांढऱ्या तुकड्यांवरही होतं, प्रत्येक तुकड्यावर. भाऊ स्वतः वाकून तुकडे उचलू लागले आणि मला म्हणाले, ताई, तुम्ही हात लावू नका, कापेल.

३ मे

भाऊंच्या मानेवर ती कानापर्यंत आली आहे. वहिनी तिच्यावरूनच बोटं फिरवतात, पावडर सारखी करतात, त्यांना दिसत नाही.

उद्या साहेबांशी बोलते.

४ मे

बोलले. शाफ्टची पुन्हा चाचणी करा म्हटलं. कारण विचारलं तर खबरदारी म्हणून, असं सांगितलं. क्रेन थांबवली. फिटरकाकांनी झाकण उघडलं. सगळ्यांदेखत लाल लावला, पुसला, भुकटी मारली.

पांढरं. दुधासारखं पांढरं.

अर्थातच. तोंड मी मिटलंय ना. तिथला वरचा धातू आम्लाने उतरवला, तर उघडेल. पण आम्ल का लावायचं, असं ते विचारतील. मग एमरी सांगावी लागेल. एक शब्द आहे. तीन अक्षरांचा.

साहेब सगळ्यांसमोर म्हणाले की काम असं करतात, शिका बाईंकडून. भाऊंनी टाळी वाजवली. मी थँक्यू म्हणाले.

मी थँक्यू म्हणाले.

६ मे

भिंतीवरची खिडकीला पोचली, खिडकीच्या पलीकडून पुन्हा निघाली. ताटावर. उशीच्या अभ्र्यावर. वास जात नाही.

वहिनी वर जेवण घेऊन आल्या. कपाळाला हात लावला. म्हणाल्या की पोरी, कुणी मनातलं आहे का, सांगून टाक, मन हलकं होतं. मी म्हटलं, कुणी नाही. त्या म्हणाल्या, मग काहीतरी आहे.

मी भिंतीकडे पाहत राहिले.

७ मे

गळ्यापर्यंत. भाऊंच्या. पुढून फक्त दोन बोटं जागा उरलीये — पांढरी. दोन टोकांची गाठ बसते तेवढी.

आज कामावर जाऊ नका म्हटलं त्यांना. का, म्हणाले. घामोळं — म्हटलं. घामोळ्याची रजा मागितली तर सगळी ओतशाळा आठवडाभर हसेल, म्हणाले, आणि डबा घेऊन निघालेसुद्धा —

८ मे

एक बोट.

कागदावर लिहून साहेबांच्या टेबलावर ठेवून यायचं, एवढंच — तीन कागद फाडले. शाफ्टमध्ये दोष असण्याची शक्यता नाकारता येत — नाही. चाचणीच्या वेळी काही अनवधानाने — अनवधान नव्हतं.

९ मे

साहेबांच्या केबिनमध्ये बसले आहे. सगळं सांगायला आलेय. फोनवर आहेत — हाताने दोन मिनिटं म्हणाले — बोलत बोलत बाहेर गेले. वही पर्समध्ये होती. ते येईपर्यंत वाक्य जुळवते. नेमकं हवं.

काच आहे. काचेतून भट्टी दिसते. भाऊ दिसतात. मान पावडरीने पांढरी.

मी १७ एप्रिलला त्या जागी —

नको. पुन्हा. मला १७ एप्रिलला रेघ दिसली. मी ती —

भोंगा झाला. लॅडल भरलंय. उठायला हवं. काच वाजवली तरी पुरे — नुसती काच —

या पानावर आली आहे. या ओळीखालून जातेय, मी लिहिते त्याच्या थोडी पुढे —

भाऊंनी हात वर केला. उचल. इकडे पाहिलं — मला पाहिलं — सलाम. तोच. शिपायासारखा.

मी लिहितेय. का लिहितेय. हात लिहितोय, पाय —

एमरी मी मारली. मी. लिहिलं. लिहिलं बघा. आता उठते —

मानेवर जागा उरली नाही.

ब्रेक लागला. आवाज स्वच्छ आला. ब्रेकने धरलंय, घट्ट, आणि लॅडल तरीही —