सुगनबाईंचा फिरकीचा तांब्या

६ नोव्हेंबर १९५६, परतूर

ठरलं! वेरावळला जायचं. शेजारच्या सुगनबाई, त्यांचा पुतण्या जुगलकिशोर, त्याची बायको संतोषबाई आणि मी. पालिताण्याची यात्रा कार्तिकी पुनवेला उघडते, ती त्यांची. सोमनाथ माझा. आणि देवमासा सगळ्यांचा.

हे सगळं माझ्या तोंडामुळे झालं. सुगनबाईंना लिहिता-वाचता येत नाही, म्हणून पर्युषणानंतर त्यांची क्षमापनेची कार्डं दरवर्षी मीच लिहून देतो. यंदा कार्डं लिहिता लिहिता देवमाशाची गोष्ट निघाली. आगगाडीच्या दोन डब्यांएवढा असतो, श्वास सोडला की पाण्याचं कारंजं उडतं, वेरावळकडच्या समुद्रात दिसतो असं वाचलंय— वगैरे. पाहून आल्यासारखं सांगितलं. बाई ऐकत राहिल्या. मग म्हणाल्या, "म्हाराज व्याख्यानात सांगायचे, शेवटच्या समुद्रात हजार योजनांचा मच्छ असतो म्हणून. तो काय ह्या डोळ्यांना दिसायचा न्हाई. तुमचा ल्हान असंल, पण चालंल."

बारा वर्षं भूगोल शिकवतोय. समुद्र मी अजून पाहिलेला नाही, हे बाईंना सांगितलं नाही.

१३ नोव्हेंबर

शरयू म्हणते, "परक्यांच्या यात्रेत तुम्ही कशाला?" म्हटलं, आता एक तारखेपासून वेरावळ नि परतूर एकाच द्विभाषिक राज्यात आलं, परकं काय त्यात? हसली. दशम्या बांधून दिल्या आहेत. उद्या सकाळची गाडी.

२० नोव्हेंबर, वेरावळ

पालिताणा झालं. सुगनबाई डोंगर पायी चढल्या, साठाव्या वर्षी. मी डोलीतून जावं की काय अशा विचारात होतो.

आज समुद्र पाहिला. फळ्यावर निळ्या खडूनं काढतो तसा बिलकुल नाही. फार वेळ बघवला नाही.

धर्मशाळेच्या मुनीमानं होडी ठरवून दिली. होडीवाला कानजी, खारवा म्हणजे तिकडचा कोळी, पन्नाशीचा. आठ दिवसांत तीनदा फवारा पाहिला म्हणतो. जुगलकिशोर कुरकुरला, "काकी, मासे मारायची होडी हाय ती." कानजीनं ऐकलं असावं. दोन दिवस होडी घासून धुतो, जाळं-गळ काहीच बरोबर घेत नाही, असं त्यानं आपण होऊन सांगितलं. सुगनबाईंनी त्याला हात जोडले.

२२ नोव्हेंबर

देवमासा दिसला नाही. उद्या लिहीन.

२३ नोव्हेंबर

आजही लिहवत नाही. सुगनबाई पडून आहेत.

२६ नोव्हेंबर, मनमाड स्टेशन

गाडीला चार तास आहेत. ती तिघं मुसाफिरखान्यात. मी फलाटाच्या टोकाला येऊन बसलो आहे. इथं तरी खरं लिहावं.

सुगनबाई उकळलेलंच पाणी पितात— 'पक्कं पाणी' म्हणतात. दुसरं पाणी त्यांना चालत नाही. आणि सूर्य बुडाला की दुसऱ्या दिवशी ऊन वर येईपर्यंत थेंबसुद्धा नाही. तीस वर्षं हा नेम मोडलेला नाही. म्हणून त्यांचा फिरकीचा तांब्या वेगळा, पितळेचा, तोंडाला पांढरं फडकं बांधलेला. होडीत तो एका कडेला दोरांच्या वेटोळ्यात ठेवला होता.

तासाभरात मला बोट लागली. सगळ्यांच्या आधी मलाच, जो सगळ्यांना समुद्र समजावून सांगत होता त्याला! माझ्या तांब्यातलं पाणी चुळा भरण्यातच संपलं. घशाला कोरड पडली. कानजीनं बघितलं, स्वतःचं मडकं पुढं केलं. "मास्टर, पी लो. मीठा पानी है." आणि मी हात हलवून नको म्हटलं.

का नको म्हटलं? खारव्याचं मडकं म्हणून. दुसरं कारण नाही. वर्गात अस्पृश्यता हा गुन्हा आहे असं शिकवतो, मुलांकडून पाठ करून घेतो. आणि घसा फाटत असताना माझ्या हाताला ते मडकं घेववलं नाही. कानजीनं मडकं मागं ठेवलं. त्याला कळलं. अशा गोष्टी ज्याच्याशी होतात त्याला लगेच कळतात.

दुपारी कानजीनं लांब बोट दाखवलं. सगळे उभे राहिले, जुगलकिशोर शिडाच्या दोराला धरून, संतोषबाई पदर सावरत. "कुठं? कुठं?" सगळ्यांच्या पाठी माझ्याकडे होत्या. मी फिरकी काढली. एक घोट घ्यायचा होता. पण पोटात गेलेलं पाणी आणखी पाणी मागायला लागलं. वरून धार धरून सगळा तांब्या संपवला, फिरकी लावली, फडकं बांधलं. ते सगळे देवमासा शोधत होते आणि मी हे करत होतो.

ती लाटच निघाली. कानजी म्हणाला, आणखी तासभर पुढं गेलं की नक्की. तेव्हा सुगनबाईंनी तांब्या घेतला. हलका लागला. जुगलकिशोरनं हलवून बघितला.

मधे कानजीनं दोर ओढताना तो तांब्या उचलून बाजूला ठेवला होता. संतोषबाईंनी ते पाहिलं होतं. एवढं पुरलं. जुगलकिशोर नको ते बोलला. "तुझी हिंमत कशी झाली? ह्यांच्या पाण्याला हात लावतो? काय समजून राह्यला तू?" कानजी म्हणाला, "सेठ, दरिया की कसम. मैंने नहीं पिया." त्यानं एकदा माझ्याकडे पाहिलं. मी होडीच्या तळाकडे पाहात होतो. आजारी होतो ना!

सुगनबाई म्हणत होत्या, "चला पुढं. तहान काय, सोसते मी. मासा बघू." जुगलकिशोरनं ऐकलं नाही, होडी वळवायला लावली. काठाला लागेपर्यंत सूर्य बुडाला. म्हणजे दुपारपासून दुसऱ्या दिवशी ऊन वर येईपर्यंत बाईंच्या तोंडात पाणी नाही. खाऱ्या वाऱ्यात दिवसभर बसून! ओठ फुटले होते. रात्री ताप भरला.

जुगलकिशोरनं मुनीमाला सांगितलं, "ह्याच्या होडीत पुन्हा यात्रेकरू बसवू नका." मुनीमानं माझ्याकडे पाहून विचारलं, "मास्टरजी, आपने देखा?" मी म्हणालो, माझी तब्येत ठीक नव्हती.

खोटं बोललो नाही, अशी मनाची समजूत घालतोय. माझ्या पोटात तेव्हा ते पाणी होतं.

३ डिसेंबर, परतूर

शाळेत सगळे मागं लागले, "गुरुजी, देवमासा?" म्हटलं, पाणी संपलं म्हणून परतावं लागलं. सहावीतल्या एकीनं विचारलं, "पाणी कसं संपलं?" तोंडून निघून गेलं— होडीवाला प्याला.

आता हे तोंडानं बोललो. आतापर्यंत नुसता गप्प होतो.

१४ जानेवारी १९५७

संक्रांत. शरयू सुगनबाईंकडे तिळगूळ घेऊन गेली. परत येऊन म्हणाली, बाई विचारत होत्या, मास्तर हल्ली येत का न्हाईत? मी म्हटलं, परीक्षेचे पेपर आहेत म्हणावं. जानेवारीत कसल्या परीक्षा? शरयूनं विचारलं नाही, हे तिचं मोठेपण.

२ फेब्रुवारी

आज गेलो. सांगायचंच, असं ठरवून गेलो. बाई ज्वारी निवडत होत्या. म्हणाल्या, "बसा मास्तर. वेरावळ आठवतं का कधी?" म्हटलं, आठवतं. "मला लई आठवतं," म्हणाल्या आणि थांबल्या. थांबून माझ्याकडे बघत राहिल्या. मी म्हणालो, यंदा हुरडा चांगला आहे नाही का?

हुरडा! माझ्यासारखा भित्रा माणूस अख्ख्या परतुरात नसेल.

२१ एप्रिल

मंठ्याचे सोहनलालजी गिरनार-वेरावळ करून आले. जुगलकिशोरच्या दुकानात बसून सांगत होते. कानजीला आता धर्मशाळेच्या दारात उभं राहू देत नाहीत. 'पाणीचोर' म्हणतात. होडी त्यानं विकली, दुसऱ्याच्या होडीवर हाताखाली जातो. जुगलकिशोर म्हणाला, "बराबर झालं." मी तिथंच होतो, साखर बांधून घेत होतो. पुडी घेतली आणि घरी आलो.

देवमासा दिसला नाही याचं आधी वाईट वाटायचं. आता त्याची आठवणही होत नाही. हात हलवून 'नको' म्हणतो तो माझा हात तेवढा दिसतो.

२२ एप्रिल

शरयूला सांगितलं. सगळं. तिनं लाटलेली पोळी तव्यावर टाकली. मग म्हणाली, "मला सांगून काय उपयोग? मी काय त्या होडीत होते?"

११ जुलै

कानजीला पत्र लिहिलं. फाडलं. दुसरं लिहिलं, त्यात 'गैरसमज' असा शब्द घातला. तेही फाडलं. गैरसमज कुणाचा? सगळ्यांनी मला भला माणूस समजलं, तोच काय तो गैरसमज.

२८ ऑगस्ट

उद्या आमच्याकडे गणपती, त्यांच्याकडे संवत्सरी, पर्युषणाचा शेवटचा दिवस. जुगलकिशोर सांगून गेला, काकींचा आठ दिवसांचा उपास आहे, परवा पारणं झाल्यावर कार्डं लिहायला या. 'मिच्छामि दुक्कडम्, म्हणजे वर्षभरात मनानं, वाचेनं, कायेनं दुखावलं असेल तर क्षमा करा'— हे वाक्य मी दरवर्षी पस्तीसदा लिहितो. आत्तापर्यंत हात कधी थांबला नव्हता.

परवा पहिलं कार्ड लिहायच्या आधी सांगणार. जुगलकिशोर असला तरी. नाही सांगितलं तर ही वही चुलीत घालीन.

३० ऑगस्ट

पहिल्या कार्डाच्या आधी सांगितलं नाही. विसाव्याच्याही आधी नाही. पस्तीस झाली. सुगनबाईंनी छत्तिसावं पुढं सरकवलं. "ह्याच्यावर वेरावळ लिहा. धर्मशाळेच्या मुनीमाला. म्हणावं, कानजीला बोलवा अन् चार लोकांत वाचून दावा."

त्या सांगत गेल्या, मी हिंदीत उतरवत गेलो. 'कानजीभाई, पाणी तुमी पिलं न्हाई. कोण पिलं, ते मी होडीतच बघितलं होतं. तुमच्या मडक्यातलं त्याला चालंना, म्हणून माझं घेतलं. तहानलेल्याला टोकू न्हाई, म्हणून गप बसले. मंग तुमच्यावर आळ आला तवाबी गप बसले. तो आपण होऊन बोलंल म्हणून नऊ म्हैने वाट बघितली. पाप माझं हाय. मिच्छामि दुक्कडम्.'

त्यांना अक्षरं वाचता येत नाहीत. कार्डावर वाकून बघितलं.

"खाली जागा ऱ्हायली का, मास्तर?"

"राहिली."

"मंग लिहा. मी पाणी आणते."

त्या आत गेल्या. मी लिहिलं— पाणी मी प्यालो. वामन मास्तर, परतूर.