नोटरी घरात शिरेना

ब्रसेल्स, १२ मे १९८८

ती. ओदिलोनदादास,
सा. न. वि. वि.

पाकीट पाहूनच तू म्हणशील, हिचं काहीतरी काम निघालं. निघालंय. शेल्ड नदीकाठच्या गावांवरची एक मालिका माझ्याकडे आली आहे. वीस-बावीस वर्षं मी टीव्हीसाठी खोट्या भिंती उभ्या करते, पण नाव नेहमी दुसऱ्या कुणाच्या तरी खाली. या खेपेला कलादिग्दर्शक म्हणून माझं एकटीचं.

गोष्टीत नायकाचा बाप शर्यतीची कबुतरं पाळतो. स्टुडिओत बांधलेली ढाबळ कोंबड्यांच्या खुराड्यासारखी दिसते, म्हणून मला तुझी हवी आहे, बाबांनी बांधलेली. फक्त दिग्दर्शक युर्गेनचं म्हणणं, तिचा हिरवा रंग कुंपणात हरवतो, तेव्हा पुढची बाजू निळी करायची. तुझी बार्सिलोनाची शर्यत उरकल्यावरच हात लावू, हा माझा शब्द.

माया आहेच, या पत्रापुरती थोडी वाढव.
तुझी होडेलीव्ह

केर्कहोव्ह, २० मे १९८८

चि. होडेलीव्हेस,
अनेक आशीर्वाद.

कबुतरातलं तुला काही कळत नाही, हे बाबाही म्हणायचे. दमून आलेला पक्षी घराचं तोंड ओळखतो. तो आत शिरला, त्याच्या पायातली रबरी कडी काढून शर्यतीच्या घड्याळात टाकली, वेळ नोंदली गेली, की शर्यत संपली. छपरावर बसून राहिला तर आला काय नि न आला काय. यंदा बार्सिलोनाहून घरी उडत यायला नोटरी जातोय. छाती काढून चालतो म्हणून त्याचं हे नाव. असा पक्षी माझ्या हातून पुन्हा निपजायचा नाही.

पण नाव तुझं एकटीचं लागणार म्हणतेस. तुझी वहिनी इर्मा आज असती तर म्हणाली असती, द्या हो, बहीण आहे. तर घे. मात्र शर्यतीनंतर म्हणजे नंतरच.

जेवणखाण वेळेवर करीत जा.
तुझा ओदिलोन

केर्कहोव्ह, ११ जुलै १९८८

चि. होडेलीव्हेस,
आशीर्वाद, मोजकेच.

बार्सिलोनाला नेऊन सोडायला नोटरीला मी क्लबात सोपवलं. तो वाटेत असताना शेजारच्या मार्सेलच्या भावाची माती होती, तिकडे गेलो, तेवढ्यात तुझी माणसं आली. परतून बघतो तर ढाबळ निळी. नायकाला परदेशी जायचंय म्हणून चित्रीकरण अलीकडे आणलं म्हणे. आणि बाईंनी सांगितलंय, दादा समजून घेतील.

शनिवारी दुपारी नोटरी आला. आमच्या क्लबात त्याच्याआधी कुणाचाच आला नव्हता. दोन घिरट्या मारल्या आणि मार्सेलच्या छपरावर जाऊन बसला. मी दाण्याचा डबा खुळखुळवला, शीळ घातली, गयावया केली. मार्सेल शिडी लावून चढला, तर हा धुराड्यावर. तिन्हीसांजेला उतरला, तोवर क्लबात दुसऱ्याच्या नावाची बिअर फिरत होती. स्वतःच्याच दारात उपरा झाला बिचारा. माझा राग शांत झाला म्हणून हे लिहितोय असं समजू नकोस.

ओदिलोन

ब्रसेल्स, १० ऑगस्ट १९८८

ती. दादास,
सा. न. वि. वि.

तीनदा फोन केला, तू तिन्हीदा आपटलास, म्हणून पत्र. चुकले. तुला विचारायला हवं होतं. पण तू नाही म्हणाला असतास, आणि युर्गेनने माझ्या जागी दुसऱ्या कुणाला बसवलं असतं.

आता ऐक. युर्गेनने ढाबळीचा प्रसंगच कापून टाकलाय. लांबी वाढते म्हणे. मी भांडले, तर म्हणाला, ढाबळ सुरेख होती, पण प्रेक्षकाला काय कळतंय. जन्मभर हेच ऐकते. भिंत नीट उभी राहिली तर कुणाला दिसत नाही आणि वाकडी झाली तर शेंबडं पोरही बोट दाखवतं. पडद्यावर माझं नाव येईल, पण ते पाहायची हौस उरली नाही. असा संताप होतो की ब्रश फेकून द्यावेत.

निळ्याचं मी निस्तरते. तू मनाला लावून घेऊ नकोस.

रागावूनही आपलीच समजावी,
होडेलीव्ह

केर्कहोव्ह, २९ ऑगस्ट १९८८

चि. होडेलीव्हेस,
आशीर्वाद.

शुक्रवारी संध्याकाळी शर्यतीचं घड्याळ जुळवायला क्लबात गेलो होतो. परत आलो तर तुझे दोन रंगारी शिडी आवरत होते. ढाबळ हिरवी. हिरवा अगदी बाबांचाच, जुना रंग कुठला नि नवा कुठला ते मलाही सांगता येईना. तुझ्या हातात कसब आहे, ते मी कधी नाकारलं?

पण बाई, यंदाची पिल्लं निळ्या ढाबळीतून उडायला शिकली. ही हिरवी त्यांच्या ओळखीची नाही. शनिवारी त्यांची पहिलीच शर्यत होती. आली, आणि सगळीच्या सगळी मार्सेलच्या छपरावर. मार्सेल म्हणतो, आता भाडं लावतो. नोटरी तेवढा दारात ऐटीत उभा. मला आधी हसू आलं, मग डोळ्यांत पाणी.

रंगाचं मला काही वाटत नाही. दोन्ही वेळा मी घरात नसताना तुझी माणसं आली, ते लागलं. तू बांधतेस त्या घरांत कुणी राहत नाही. इथे मी राहतो.

रविवारी ये. ससा शिजवतो, इर्माच्या पद्धतीने, काळ्या बिअरमध्ये. रंगारी आणू नकोस. दार वाजव, आणि मी उघडेपर्यंत बाहेर थांब.

तुझा दादा,
ओदिलोन